एक वाजून अठ्ठेचाळीस सेकंद

सन्माननीय अध्यक्ष आणि आपले केंद्रप्रमुख, व्यासपीठावरचे ज्येष्ठ निवृत्त अधिकारी, वृत्तनिवेदक मित्र, आजचे सत्कारमूर्ती म्हणजे आपले घड्याळकाका, त्यांच्या शेजारी बसलेल्या काकू, आणि दुपारची कामं सोडून आलेल्या माझ्या सहकारी मंडळींनो,

आधी ताजी बातमी. आज दुपारी एकच्या बातम्या अठ्ठेचाळीस सेकंद उशिरा सुरू होतील. केंद्रप्रमुखांनी सकाळी सव्वादहाला या वृत्ताला दुजोरा दिला, तोही लेखी. वृत्तनिवेदकांचं मत त्यांच्या चेहऱ्यावर वाचून घ्यावं.

यात काय मोठंसं, असं ज्यांना वाटलं ते इथे नवीन असणार. काका एकतीस वर्षं काचेपलीकडे ध्वनियंत्रणावर बसले, आणि तेवढ्या काळात एकच्या बातम्या एका सेकंदाने हलल्या नाहीत. मी बावीस वर्षं काचेच्या अलीकडे बसून फर्माइशी वाचते आहे. काकांनी पलीकडून एक बोट वर केलं की माझं वाक्य तिथेच संपलं पाहिजे, मग बिचारा कर्ता क्रियापदाची वाट बघत का बसेना.

आणि काकांच्या या बोटाखाली सगळ्यात जास्त सापडलं असेल, तर ते गाणं. नाव सांगायची गरज आहे का? गाण्यातला तो आपल्या भाषेत विचारतो, राहशील का. ती तिच्या भाषेत गाते. काय गाते ते आपल्यापैकी कोणालाच कळत नाही, तरी दर आठवड्याला साठ-सत्तर कार्डं त्याच गाण्यासाठी येतात. ते आधी वाजवलं तर लोक रेडिओ बंद करून जेवायला बसतील, म्हणून आम्ही ते शेवटी ठेवतो, बारा सत्तावन्नला. गाणं तीन मिनिटं अठ्ठेचाळीस सेकंदांचं, आणि बातम्या एकला. म्हणजे एकच्या ठोक्याला काका आवाज खाली ओढणार आणि शेवटचं कडवं कपाटात परत जाणार.

ज्यांनी हे गाणं फक्त आपल्याकडे ऐकलं, त्यांनी त्याचा शेवट आपापला करून घेतला. एका शिंप्याने लिहिलं, ती बोटीत बसून माहेरी परत जाते. रुग्णालयातल्या एका परिचारिकेने कळवलं की दोघांचं लग्न होतं आणि त्यांना जुळी मुलं आहेत. जुळी कुठून आली, हे मी विचारलं नाही. मला तर वाटतं, अर्धं न कळणं हीच त्या गाण्याची पुण्याई. कळलेलं गाणं माणूस ऐकून सोडून देतो. न कळलेल्यात तो स्वतःचं घर थाटतो.

आता थोडं घरचं बोलते. काकूंची परवानगी घेतली आहे. काकांची घेतली नाही, कारण ती मिळाली नसती.

परदेशातून शिकायला आलेली एक मुलगी आपला कार्यक्रम ऐकून आपली भाषा शिकली. माझ्या चुकांसकट शिकली, त्याबद्दल मी तिची माफी मागितली आहे. पुढे काकांच्या मुलाने तिच्याशी लग्न ठरवलं. ती पहिल्यांदा घरी आली, काकूंनी चहा दिला, गप्पा गाण्यावर गेल्या. काका वाईट माणूस नाहीत, पण बोलून गेले, "गाणं तीन मिनिटांचं असतं. संसार चाळीस वर्षांचा."

तिने कप खाली ठेवला आणि शांतपणे म्हणाली, "बाबा, तुम्ही ते गाणंही पूर्ण कुठे ऐकलंत?"

लग्न झालं, दोघं दुसऱ्या शहरात गेली. मुलगा येऊनजाऊन असतो. ती चार वर्षांत आली नाही. काकांनीही बोलावलं नाही, आणि बोलताना तिचा उल्लेख करायचे तो "मुलाची बायको" असा, जणू मुलगा शेजाऱ्याचा.

गेल्या गुरुवारी मी स्टुडिओत गेले, तर काका एकटेच हेडफोन लावून बसलेले. यंत्रावर ते गाणं. बोट जागच्या जागी. एकतीस वर्षांत पहिल्यांदा ते शेवटच्या कडव्यापर्यंत गेले होते. त्या कडव्यात ती आपल्या भाषेत गाते, अडखळत, उच्चार सांभाळत. शिंपी चुकला आणि परिचारिकाही चुकली. ती राहते म्हणत नाही, जाते म्हणत नाही. एवढंच विचारते, तुझ्या घरची माणसं मला काय म्हणून हाक मारतील? आणि गाणं संपतं.

काकांनी हेडफोन काढला. म्हणाले, "उत्तर द्यायचं राहिलंय." मग खिशातून फर्माइशीचं कार्ड काढलं. आयुष्यातलं पहिलं. निवृत्तीला चारच दिवस उरले होते, म्हणून मी ते रांगेत पुढे घेतलं. हा माझा गैरव्यवहार इतिवृत्तात नोंदवावा. कार्डावर फर्माइश करणाऱ्याचं नाव आहे, गाणं पूर्ण वाजवण्याची विनंती आहे, आणि "कोणासाठी" या रकान्यात एक शब्द आहे. तो मी इथे सांगणार नाही. ज्या व्यक्तीसाठी लिहिलाय, तिने तो आधी ऐकावा.

मुलाचा बारा वाजता फोन आला. दोघं निघाली आहेत आणि गाडीत आपलंच केंद्र लावलेलं आहे. रेडिओ लावायला कोणी सांगितलं, असं मी विचारलं. म्हणाला, "तिनेच. पण आज काय आहे ते तिला माहीत नाही."

अध्यक्षमहाराज, बोलायची संधी दिलीत, आपले आभार. काका, बावीस वर्षं माझी लांबलेली वाक्यं तुम्ही वेळेत संपवलीत, त्याबद्दल तुमचेही. आज यंत्रापाशी तुम्ही नव्हतात, तेव्हा काही जास्त बोलले असेन, कोणाचा मान राहून गेला असेल, तर सर्वांनी पोटात घालावं.

बारा चोपन्न झाले, आणि काकांनी खुर्चीतूनच बोट वर केलंय. खाली सहकाऱ्याने फर्माइशी सांभाळल्यात, आता मला स्टुडिओत धावलं पाहिजे. सभागृहातला ध्वनिक्षेपक स्टुडिओशी जोडलेला आहे, कोणी उठू नये. बारा छप्पन्नला मी ते कार्ड वाचेन. बारा सत्तावन्नला गाणं. एक वाजून अठ्ठेचाळीस सेकंदांनी बातम्या. दीडच्या सुमारास गाडी आपल्या फाटकाशी येईल, आणि फाटकापर्यंत काका स्वतः जातील, असं काकूंनी खात्रीने सांगितलं आहे.