पहिल्या पानावरचं मरण

मंडळी, आज प्रश्न एकच. बातमी आधी, की खात्री आधी? लगेच माना डोलवू नका! आख्यान संपल्यावर बघू, कोणाची मान कुठे जाते ते.

तर सीमेवर लढाई सुरू झाली. आणि इथे 'दैनिक रणदुंदुभी'त संपादक भास्करराव मोघ्यांनीही सुरू केली — पंख्याखाली बसून! रोज शत्रूची दाणादाण. शत्रू पेपर वाचत नव्हता, म्हणून त्याला पत्ता नव्हता एवढंच!

एक दिवस कळलं, जिल्ह्यातला एक जवान पडला. नाव? ते लष्करानं अजून दिलेलं नाही. पण दुसऱ्या पेपरानं आधी छापलं तर? भास्कररावांनी चौकशी केली, त्या आघाडीवर आपल्याकडचं कोण? शेजारच्या वाडीचा दौलत खराडे निघाला. झालं! स्टुडिओतून त्याच्या लग्नाचा फोटो आणला, बायकोला कापून काढलं, आणि सकाळी पहिल्या पानावर — 'दौलत अमर झाला!'

पुढाऱ्यांनी श्रद्धांजलीचे फलक लावले. त्यात दौलत एवढासा, पुढारी एवढे! आणि वाडीतल्या बायका निघाल्या कुठे? दौलतच्या बायकोच्या, सारिकाच्या बांगड्या फोडायला.

ती दारातच उभी राहिली. म्हणाली, "पलटणीतून कळू दे. तोवर माझ्या हाताला हात लावायचा नाही."

अगं, पेपरात फोटोसकट आलंय, बायका समजावू लागल्या. सासूनं हंबरडा फोडला, सासऱ्यानं अन्न सोडलं. ही एकटी फोन लावत बसली. काय झालं असेल हो त्या पोरीचं!

शेवटी पलटणीचा फोन लागला. दौलत धडधाकट! पडलेला जवान दुसऱ्याच गावचा — आणि त्याच्या आईला अजून कोणी कळवलंही नव्हतं.

'रणदुंदुभी'नं खुलासा छापला बरं का! पाचव्या पानावर, केसांच्या तेलाखाली. दौलत सुट्टीवर आल्यावर जाब विचारायला गेला. भास्करराव म्हणाले, "काय करणार, लोक पहिलंच पान वाचतात."

मला संताप आला होता, मंडळी. पण काल तुमच्या बाजारात तुमच्यातलेच एक सद्गृहस्थ माझ्या कानाशी लागले. म्हणाले, "बुवा, ती बघा शहिदाची बायको. अजून बांगड्या घालते. डोक्यावर परिणाम झालाय."

मागे खांबाजवळ बसलीय ती. दौलतराव, शेजारी तुम्हीच ना? उभे राहा जरा. बघू द्या लोकांना.

आता सांगा, पाचवं पान कोणी वाचलं होतं? हात वर करा.

एकही नाही? मग टाळ्यांसाठीही उचलू नका ते. आधी त्या बाईपुढे जोडा, मग नामाचा गजर करू.