दसऱ्याचा दुसरा ठिपका

परवा शूटिंग रेंजवर माझी जाम तंतरली, यार! दसऱ्याला सकाळीच पिस्तुलावर रेड डॉट बसवला होता. काचेतून बघितलं की लाल ठिपका दिसतो, तो धरून नेम लावायचा. स्क्रू दोनच, पण इतके नाजूक की आवळतानाही धाकधूक.

दुसऱ्या दिवशी रेंजवर नेम धरला, तर ठिपके दोन! एक बारीक, एक वाटाण्याएवढा. म्हटलं, वाट लावली आपण. पिस्तूल खाली ठेवलं. इन्स्ट्रक्टरने काचेवरून बोट फिरवलं आणि लाल झालेलं बोट बघून दचकून विचारलं, "ब्लड?"

पुण्याहून इथे परदेशात माझ्याकडे आलेल्या आईला घरी घाबरत फोन केला. "आई, पिस्तुलाला हात लावलास?"

"छे! लांबूनच कुंकू लावलं. इतकी वर्षं दसऱ्याला तुझा लॅपटॉप पुजला. यंदा घरात खरं शस्त्र आलं, ते सोडू होय?"