शेषरावचं बोंड

बियाण्याच्या कंपनीनं आमाले नरनाळा किल्ला पाह्याले नेलं होतं, तवाची गोष्ट. सायबाच्या बाजूच्या सीटवर कोण? आमचा धुऱ्याले धुरा, म्हंजे बांधाले बांध लागलेला शेजारी शेषराव. काऊन, तर त्याची कपाशी माह्या कपाशीपेक्षा जोरात! माहा जीव नुसता जळून राह्यला होता.

गडावर गाईड म्हणे, "या किल्ल्यासाठी राजे पिढ्यान्‌पिढ्या लढले."

मी म्हटलं, "दुसऱ्याचं चांगलं पाहवत नसंन बे त्यायले!"

तेवढ्यात शेषरावनं खिशातून आपल्या वावरातलं हिरवं बोंड काढलं. "सायेब, हे पाहा माल!" म्हणून सगळ्यायसमोर फोडलं.

आतून गुलाबी अळी निघाली.

मी पोट धरून हासलो.

शेषराव म्हणे, "हास बे, हास. अळी काय धुऱ्यावर थांबते?"