डब्यातलं पडणं

(बार्सिलोना, १९१२. काचेच्या छताखालचा फिल्म स्टुडिओ. मालक वेन्तालो, कॅमेरावाला नार्सिस आणि कुबडीवर आलेला विनोदी नट सेब्रिया.)

वेन्तालो : आता परत कशाला आलास? तुझं पडणं आहे ना आमच्याकडे, फिल्मच्या डब्यात!

सेब्रिया : पडणं आहे, मालक. पडणारा तीन महिने इस्पितळात होता. आता बसून करायचं काहीही द्या. म्हातारा करतो, न्हावी करतो.

वेन्तालो : लंगडा दिसला की लोक हळहळतात रे, हसत नाहीत. तुझी टोपी, तुझ्या मिशा त्या नव्या नटाला, ब्लायला लावल्यात. तो जिन्याच्या टोकाशी आला की तिथे फिल्म कापायची आणि पुढे तुझं पडणं चिकटवायचं. चार चित्रपट झाले, कुणाला पत्ता नाही!

सेब्रिया : चार?

वेन्तालो : पाचवा चालू आहे.

सेब्रिया : नार्सिस, तू तरी बोल काहीतरी.

नार्सिस : मी काय बोलू? मी हँडल फिरवणारा माणूस.

सेब्रिया : त्या दिवशीही फिरवतच राहिलास.

नार्सिस : मालक म्हणाले, फिरव.

वेन्तालो : म्हणालोच! बुधला फुटतोय, वाइनचा लोट वाहतोय, त्यात हा तोंड वासून पडलाय. असलं मिळायला नशीब लागतं. बरं, ऐक. मी काही कसाई नाही. आमच्या थेटरात पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगणारा हवाय. आवाज आहे तुला. फक्त ‘तो पडणारा मीच’ हे बोलायचं नाही. हसू विझतं लोकांचं.

सेब्रिया : नाही बोलणार.

वेन्तालो : मग दाखव करून. नार्सिस, पडदे ओढ, ते पडणं लाव.

सेब्रिया : “बघा मंडळी! सासूबाईंकडे मेजवानी, जावईबापू वाइन घेऊन निघाले! अहो, जपून... गेले! एक पायरी, दोन, पाच... अकरा!”

वेन्तालो : झकास! आता इथे तू ओरडतोस ना, इथेच खरा हशा पिकतो. काय ओरडत होतास रे?

नार्सिस : राहू द्या ना, मालक.

सेब्रिया : “नार्सिस, थांबव. पाय गेला माझा.”

वेन्तालो : छे, हे नको. लोकांना काय सांगशील?

सेब्रिया : सांगेन... “सगळी सांडली हो, सासूबाई! एक घोट तरी आधी घ्यायला हवा होता!”

वेन्तालो : हा हा! रविवारपासून ये. नार्सिस, पुन्हा लाव रे एकदा.

सेब्रिया : आणि जरा सावकाश फिरव, नार्सिस. वाक्य पुरं व्हायला हवं.