चिमूटभर कणीक

— नाही, डबा राहू दे तिथंच, आधी बसा तुम्ही. बसा हो रिबेकाबाई, वरच्या मजल्यावर तर जायचंय. संध्याकाळी तुमचा पेसाखचा सण सुरू होतो, लेक बेंगळुरूहून आलाय, सगळं माहीत आहे मला. दोनच मिनिटं. ग्रॅनोला झालाय. म्हणजे — झालाय. वास येतोय न्हवं? काजू, बदाम, खोबऱ्याचे काप, आणि मधाच्या जागी निपाणीची काकवी. आम्हां जैनांच्या घरात मध येत नाही, तुम्हां ज्यूंच्या घरात सणाचे हे आठ दिवस गहू नाही, ओट्स नाही. काय चालत नाही त्याची तुम्ही चिठ्ठी दिलीत तेव्हा मी हसले होते, आठवतंय? म्हटलं, ओट्स काढले, मध काढला, आता ग्रॅनोलात उरलं काय, आपण दोघीच!

चिठ्ठी फ्रिजवर लावली मी. ओव्हन दोनदा पुसला, नवा ट्रे आणला. एम.एस्सी. झालेली बाई मी, पण किती तापवायचा हे चारदा वाचते, तरी पाचव्यांदा उठून बघते — असो. सकाळी आमच्या दिव्याच्या डब्याची पोळी लाटली, परातीत थोडी कोरडी कणीक उरली. स्कूल बस आली, पोरगी गेली, मी ट्रेला तूप लावलं आणि — हाताला सवय असते हो, नानकटाई करताना खाली चिकटू नये म्हणून भुरभुरतोच की आपण — चिमूटभर. एवढीशी. दहा मिनिटांनी हलवायला गेले तेव्हा कडेला तांबूस दिसली. डब्यात भरला तरी. झाकण लावलं. तुम्ही बेल वाजवलीत तोवर मी ठरवलं होतं, सांगायचं नाही.

चालेल? चालेल म्हणू नका. काय चालेल? तुमच्या लेकाला कळणार नाही, देवालाही कळणार नाही कदाचित, पण मला कळलंय न्हवं? तुम्ही प्रेमानं म्हणताय. मीही प्रेमानंच केलं होतं तेव्हा.

आमच्या सासूबाईंचं म्हणतेय. लक्ष्मीबाई. तुम्ही राहायला यायच्या आधीच गेल्या. खोकला लई होता. वैद्यांनी पूड दिली, म्हणाले मधातून चाटवा. काकवीतून दिली तर चालेल का, हे मी विचारलंच नाही. का नाही विचारलं? घाबरले होते. बाई खोकून खोकून निळी पडायची. मधाची बाटली आणली, पिठाच्या डब्यामागं ठेवली. पहिल्या दिवशीच त्यांनी विचारलं, "काकवी न्हवं ही?" मी म्हटलं, व्हय आत्या, काकवीच. नऊ दिवस रोज दिली. खोकला उतरला हो! खरंच उतरला.

मग दिव्या. चार वर्षांची होती तेव्हा. आज्जीच्या मांडीवर बसून सांगते, आज्जी, तुझ्या औषधाच्या बाटलीवर माशी हाय, पिवळी, पट्ट्यापट्ट्यांची.

त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. माझ्याकडं बघितलं फक्त, आणि भिंतीकडं तोंड केलं. त्यानंतर माझ्या हातचा घास घेतला नाही. ह्यांच्या हातनं घोट-घोट पाणी, बस्स. अकरा दिवस. जन्मभर पाळलेलं मी नऊ दिवसांत — डॉक्टर म्हणाले वय झालं होतं. हे म्हणतात, आईची भूकच गेली. व्हय म्हणते मी. दिव्या विचारते, आज्जी का जेवत नव्हती गं, तिलाही तेच सांगते. ह्यांना काही माहीत नाही. कुणालाच माहीत नाही. तुम्हाला आज का सांगितलं कोण जाणे, मला फक्त कणकेचं सांगायचं होतं.

रडत नाही मी. तुम्ही हात सोडा. आणि डबा ठेवा तो खाली, मी देणार नाही. लेकाला सकाळी केळी द्या, खजूर द्या, काहीही द्या, हे नको. आधीच सांगायला हवं होतं, दुसरं करायला वेळ तरी —

थांबा. गेट वाजलं. हेच आले. तोंड नीट करा तुमचं, रिबेकाबाई, माझ्याकडं असं बघू नका —

अहो, आलात? या. काही नाही हो, वरच्या रिबेकाबाई, ग्रॅनोला न्यायला आल्या होत्या. करपला की सगळा! हो ना, ओव्हन जरा जास्तच तापला. सॉरी हं मॅडम. या तुम्ही आता.