वैजनाथच्या मायचा सिनेमा

...आता तुमीच सांगा, बाईवर सिनेमा काढायचा आन बाईच दाखवायची न्हाई, ही कुठली रीत? आमचा पोरगा वैजनाथ पुण्याला सिनेमा शिकला. माय जिती होती तवा दीड वर्स कॅमेरा घिऊन तिच्या मागं फिरून राहिला. मागच्या पोळ्याला ती गेली. घरात तिचा धड फोटो न्हाई, आधार कार्डावरची बाई तर भलतीच कोनी वाटते. म्हणलं, सिनेमात तरी तोंड दिसंल. म्हणून आमच्या साखरा गावात, शेळ्यांच्या गोठ्याम्होरं, दिवेलागणीला दोन बांबू रोवून पांढरी चादर ताणली, सारं गाव बोलावलं, मी नवा पटका बांधून म्होरं बसलो.

सुरू झाला. चूल. बरं, चूल. मंग धूर. धूर, धूर, अहो किती धूर! म्हणलं आता फुंकणी घिऊन येतीच... पण बाई काई दिसना! मंग खुंटा. खुंट्यावर ऊन. ऊन सरकून राहिलं, आमी बघून राहिलो. शेजारचा बालाजी इचारतो, जळबा, लाईट गेली का काय? म्हणलं गप, इंटरवलनंतर येईल. मंग दोरीवर तिचं लुगडं, वाऱ्यानं हालून राहिलेलं. मी उठून उभाच, वाटलं लुगड्याआडून आली... पण बाई काई दिसना! वैजनाथला म्हणलं, काहून रे असं? तर म्हणतो, "आबा, ह्याच्यात गोष्ट न्हाई. आठवण हाय." अरे, आठवण तर मला फुकटात येती, त्याला चादर कशाला लागती?

आन तेवढ्यात तिचा आवाज. "ये, ढवळे, ये, ये, ये..." सांजच्याला शेळ्यांना पाणी दावताना मारायची तीच हाक. हाक घुमून राहिली, पण बाई काई दिसना! अन् आमच्या अठरा शेळ्या गोठ्याची ताटी मोडून, माणसं तुडवून, थेट चादरीम्होरं! वर्सभर मी घसा फोडून राहिलो तर एक मान वर करत न्हाई. चादर हुंगली अन् खालून पल्याड गेल्या, तिला हुडकायला. गाव हसून लोळून राहिलं. वैजनाथ रडून राहिला. म्हणलं, जनावर ते, त्याला काय अक्कल? शेळ्या हाकायला म्हणून उठलो, अन्... खोटं कशाला बोलू, चादरीमागं वाकून मी बी पाहिलं.

शेळ्यांनी एकदा हुंगलं, समजल्या, आपसूक गोठ्यात गेल्या. मला मातर बालाजीनं हाकून आणलं.