तेहतिसावं पान

…आणि लोणच्याच्या दुकानात चाळीस मिनिटं! नाही, तुम्हीच सांगा मंडळी, देवीच्या पायाशी वीस मिनिटं आणि सलगमाच्या लोणच्यापाशी चाळीस, ही वाटणी कुठल्या शास्त्रात बसते? मी विचारलं होतं, अगदी नम्रपणे, कमरेत वाकून विचारलं होतं त्या होसोकावाबाईंना, त्या आमच्या मार्गदर्शक, हातात पिवळं निशाण, निशाणाच्या टोकाला कापसाचं बदक, की बाई, देवळातली दहा मिनिटं वाढवून लोणच्यातली दहा कमी करता येतील का? तर बाई हसल्या. ते हसणं मी दिवसभरात इतक्या वेळा पाहिलं की आता मिटल्या डोळ्यांपुढे येतं. आणि म्हणाल्या, “मिनेगिशीसाहेब, देव कुठं जात नाही. गाडी जाते.”

देव कुठं जात नाही, गाडी जाते! आता यावर काय बोलणार? चाळीस वर्षं पाणीखात्यात काढली मी, नियमाचा माणूस, मीही त्या बदकामागे चालू लागलो…

पण थांबा, मी कशासाठी गेलो होतो ते तरी ऐका, नाहीतर म्हणाल, म्हातारा लोणच्यावरून रडतो. मला कसली आलीय हौस! एका दिवसात क्योतो, पहाटे योकोहामाहून जलद गाडीनं निघा, दोन तासांत तिथं, तीन देवळं, उकडलेल्या तोफूचं जेवण, संध्याकाळी परत. ही काय यात्रा झाली? हे तर वाऱ्यानं देवळावरून जाणं झालं. पण माझी बायको, आमची फुसाए. तुम्हाला सांगतो, गेली अकरा वर्षं ही बाई करुणादेवीची तेहतीस देवळं करते आहे. साध्या, रडतखडत जाणाऱ्या गाड्यांनी, एकटी. प्रत्येक देवळात दर्शन घ्यायचं, मग तिथल्या भिक्षूपुढे आपली वही धरायची, त्यानं कुंचल्यानं देवीचं नाव लिहायचं, वर तांबडे शिक्के उमटवायचे. अशी बत्तीस पानं भरली. राहिलं एक. एकच पान, मंडळी, वहीतलं शेवटचं कोरं पान. आणि नेमका गुडघा गेला. सोमवारी शस्त्रक्रिया. येत्या सोमवारी!

ती काही म्हणाली नाही हो. म्हणाली असती तर मी भांडलो असतो. नुसती वही उघडायची, कोऱ्या पानावरून हात फिरवायची, मिटायची. हे तीन दिवस चाललं. चौथ्या दिवशी माझ्याच तोंडून निघून गेलं, मी आणतो. आणि तिनं लगेच उशीखालून सहलीचं पत्रक काढलं! म्हणजे माझ्या तोंडून काय निघणार हे हिला आधीच ठाऊक. निघताना वही माझ्या दोन्ही हातांत ठेवली आणि म्हणाली, “अहो, पिशवीत घालू नका, डब्याखाली दबेल. हातातच धरा.”

धरली हातात! तीच तर चूक झाली ना…

माझ्या शेजारच्या आसनावर कोण? तर ओनोदेरा. वय अठ्ठ्याहत्तर, गळ्यात दुर्बीण, आणि मांडीवर, आता ऐका, मांडीवर अगदी तशीच जरीच्या कापडाची घडीघडीची वही. मला वाटलं, वा, कुणी भाविक भेटला! त्यानं माझी वही पाहिली, डोळ्यांत पाणी आलं त्याच्या, म्हणाला, आपण दोघं एकाच पंथाचे. मी म्हटलं, हो. म्हणणारच! मग त्यानं वही उघडली. स्टेशनं. सगळी स्टेशनं हो! प्रत्येक स्टेशनवर तो रबरी शिक्का ठेवलेला असतो ना, मुलं कागदावर उमटवतात, तो. चारशे बारा स्टेशनांचे चारशे बारा शिक्के, आणि प्रत्येकाची कथा. अमुक ठिकाणी शाई वाळलेली होती, तमुक ठिकाणी बर्फात तीन तास उभा राहिलो. काय ती एकाग्रता! खरं सांगू, इतकं चित्त मी देवळात कुणाचं लागलेलं पाहिलं नाही. मग आता “अहो, माझी वही वेगळी आहे” असं कुठल्या तोंडानं म्हणायचं? वर त्यानं डब्यातला अंड्याचा तुकडा मला दिला. मग अर्धं संत्रं. बाईंनी मध्येच पुकारलं, उजवीकडे फुजी पर्वत, अडतीस माणसं उजवीकडे कलली, आणि बोगदा आला. तर फुजीच्या जागी या गृहस्थानं मला आपल्या वहीतला फुजी दाखवला! एवढं ज्याचं खाल्लं, ज्याचं पाहिलं, त्याला नाही म्हणता येतं का? तुम्हाला येतं? मला नाही येत.

क्योतो आलं. बाई निशाण उंच धरून माणसं मोजताहेत, अडतीस, पुन्हा मोजा, छत्तीस, कारण ओनोदेरा शिक्क्याच्या मेजाकडे पळालेला आणि त्याच्या हातात माझी बाही. “या मिनेगिशीसाहेब, इथला नवा आहे.” त्यानं आपला उमटवला. मग माझ्याकडे वळून, किती प्रेमानं हो, म्हणाला, “तुमचे हात थरथरतात. द्या, मी करतो.”

आणि मी, मंडळी… मी वही दिली नाही हं! त्यानं घेतली. पण मी सोडली. आता घेतली आणि सोडली यांत मी किती आणि तो किती, हे मी तेव्हापासून रोज ठरवतो आहे. त्यानं कोरं पान उघडलं, कोरं पान एकच होतं, शिक्का मधोमध टेकवला, सात आकडे मोजले आणि अलगद उचलला. जांभळी शाई. पॅगोडा, मेपलचं पान, आणि त्यांना चिरत निघालेली जलद गाडी, लांब नाकाची! करुणादेवीच्या तेहतिसाव्या पानावर! आणि मी काय केलं? सांगायलाही जीभ जड होते. मी तीनदा वाकून त्याचे आभार मानले.

मागून बाई म्हणतायत, चला, देव कुठं जात नाही, गाडी जाते… आणि इथं माझ्या वहीत गाडी येऊन बसलेली!

पुढची दोन देवळं मी पाहिली म्हणतात. छायाचित्रात मी आहे. मला विचाराल तर मी दोन्ही ठिकाणी हात जोडून एकच मागणं मागत होतो, की आई, ही गाडी इथून ने. इतकी वर्षं मी तिच्या दारात पाऊल ठेवलं नाही, फुसाएच्या वहीला मी “तुझे कागद” म्हणत आलो, आणि आता गरज पडल्यावर आई! तोफू उकडलेला होता की तळलेला, आठवत नाही. मग ती लोणच्याची चाळीस मिनिटं. सहा शेजाऱ्यांसाठी सहा पुड्या, यादी फुसाएनंच दिलेली. त्या दुकानात खोडरबरही मिळतं का म्हणून मी विचारलं, तर त्या पोरीनं मला खोडरबराच्या आकाराचं लोणचं दाखवलं.

तर अशा सहा पुड्या एका हातात, वास दरवळतोय, छातीशी वही, आणि समोर दोनशे सव्वीस पायऱ्या. वर देऊळ. वेळ वीस मिनिटं! बाई खालूनच म्हणाल्या, ज्यांना जमेल त्यांनी जावं. ओनोदेरा म्हणाला, “वर स्टेशन नाही, मी इथंच बसतो.” बसला. मी चढलो. पन्नासाव्या पायरीला दम, शंभराव्याला प्राण कंठाशी, दीडशेला मी देवीचं नाव घ्यायला लागलो, भक्तीनं नव्हे हो, नाव घेतलं की श्वास आपोआप सुटतो एवढंच तेव्हा कळलं, पण घेत गेलो. आणि मनात येत होतं, हा एक डोंगर. तिनं असे बत्तीस चढले. तेव्हा मी घरी बसून विचारत होतो, जेवायला काय ठेवलंयस?

वर भिक्षू होता, पन्नाशीचा, चष्मा नाकावर. त्यानं वही घेतली, पानं उलगडत आला, एकतीस, बत्तीस… थांबला. मग वही माझ्याकडे वळवली, त्या गाडीवर हलकेच बोट ठेवलं आणि म्हणाला, “आजोबा, ही कुठली देवी?”

मी सगळं सांगितलं. अंड्याच्या तुकड्यापासून सोमवारच्या शस्त्रक्रियेपर्यंत, एका श्वासात. तो म्हणाला, गाडीवर मला लिहिता येणार नाही, नियम आहे. मी म्हटलं, नियम मला कळतो, मी पाणीखात्यात होतो, पण रडू कुठल्या नियमात बसतं ते मला आवरत नाही. तेव्हा त्यानं विचारलं, “या बत्तिसांपैकी तुम्ही किती ठिकाणी गेला होता?”

“एकाही नाही.”

त्यानं सुटा कागद काढला, मोठा कुंचला बुडवला आणि लिहिलं. काय लिहिलं हो! जणू काळ्या शाईचा पाऊस उतरून उभा राहिला. म्हणाला, घरी नेऊन चिकटवा. आज हवा ओली आहे, दहा मिनिटं वाळू द्या, घाई केली तर देवी पसरेल.

दहा मिनिटं! आणि खाली बस, बसमध्ये सदतीस माणसं, आणि साऱ्यांची एकच गाडी, त्याच गाडीची सामुदायिक तिकिटं, ती चुकली तर सदतीस जणांपुढे मी या जन्मात मान वर कशी करणार? मी कागद तळहातांवर धरून उभा, फुंकर घालावी तर दुकानात चाखलेल्या लोणच्याचा वास देवीवर जाणार… तेवढ्यात पायऱ्यांवर पिवळं बदक दिसलं. आधी बदक, मग निशाण, मग होसोकावाबाई. घामाघूम, बोलवेना. मी म्हटलं, आता ऐकावं लागणार. त्यांनी कागदाकडे पाहिलं. वहीतल्या गाडीकडे पाहिलं. भिक्षूकडे पाहिलं. आणि निशाण आडवं धरून त्या कागदावर वारा घालायला लागल्या! बदक हेलकावे खातंय, बाई वारा घालतायत, आणि दमल्या आवाजात म्हणतायत, “नऊ मिनिटं. गाडी जाते, मिनेगिशीसाहेब.” आणि हात थांबवत नाहीत. त्या क्षणी मला त्या बाईत जे दिसलं ते त्या दिवशी तीन देवळांत दिसलं नव्हतं, असो.

बसमध्ये शिरताना मी आसनागणिक वाकत गेलो. ओनोदेरानं विचारलं, उशीर का? आता याला काय सांगू? खरं सांगितलं असतं तर तो भला माणूस पुढच्या चारशे स्टेशनांवर माझी क्षमा मागत फिरला असता. मी म्हटलं, गुडघा. त्यानं सकाळचं उरलेलं अर्धं संत्रं मला दिलं. आणि परतीच्या गाडीत, तुम्हाला सांगतो, माझी वही मागून घेतली आणि अख्ख्या डब्याला दाखवली. पाहा, म्हणे, शिक्का किती सरळ बसलाय!

घरी आलो. फुसाए पाय लांब करून बसलेली. मी वही पुढे ठेवली, कागद ठेवला, खळीची बाटली ठेवली आणि गुडघे टेकून सगळं सांगितलं. तिनं शेवटचं पान उघडलं. मी मान खाली घातली. आणि ती म्हणाली, “अहो, इतका सरळ ठसा बत्तीस भिक्षूंपैकी एकालाही जमला नाही.”

मी म्हटलं, झाकतो ना, देवीचा कागद वर चिकटवतो. तिनं खळीची बाटली बाजूला सारली. म्हणाली, “देवीला मुखपृष्ठाच्या आत लावा. हे पान असंच राहू दे. बत्तीस ठिकाणी मी एकटी गेले, त्याची बत्तीस पानं आहेत. तुम्ही गेलात, त्याचं हे एक.”

मग मी थोडा वेळ लोणच्याच्या पुड्या मोजत बसलो. डोळे कुठंतरी लावायला हवे होते ना…

तर मी समजलो, सुटलो! तेहतीस पुरी झाली, सोमवारी गुडघा, आता मी आणि माझी गादी. तेवढ्यात हिनं उशीखाली हात घातला. पुन्हा उशी! आणि दुसरं पत्रक. म्हणाली, “तेहतीस झाली की नागानोच्या मोठ्या देवळात जाऊन आभार मानायचे असतात. जलद गाडी आहे, एका दिवसात होतं. एप्रिलपर्यंत मी चालायला लागेन. दोघं जाऊ. आणि त्या ओनोदेरांना कळवा, नवी वही लागेल, पहिला शिक्का त्यांच्याच हातचा हवा.”

मी कळवलं. त्यांनी त्याच सहलीत आपलं आसन आधीच राखून ठेवलं होतं, नागानोचा शिक्का राहिला होता म्हणे. तर आता काय… देव कुठं जात नाही, गाडी जाते. आणि गाडीत मधल्या आसनावर, दोन वह्यांच्या मध्ये, हातात अर्धं संत्रं धरून, मी जातो.